काल्पनिक ग्रहावरची सावकाश भरती: बंदरातले लोक तिचं काय करतील?

ओलीवाळू
गेलं वर्षभर एक दीर्घकथा लिहितेय. कथा समुद्रकाठची आहे, पण समुद्र आपला नाही. ग्रहाचं नाव निथळ. काल्पनिक जगात भरती आली की लिहिणारे सगळ्यात आधी तिची उंची वाढवतात. शंभर मीटर पाणी चढतं, शहरं बुडतात. मला उंचीशी खेळायचं नाहीये, वेळेशी खेळायचंय. आपल्याकडे १२ तास २५ मिनिटांनी भरती परत येते. ती पाच-सहा दिवसांनी आली तर?

मांडणी अशी: निथळचा दिवस ३० तासांचा. चंद्र एकच, नाव रेंगाळ, ग्रहाभोवतीची फेरी ३३ तासांत. ग्रह स्वतःभोवती फिरतो त्याच दिशेने चंद्रही जवळपास त्याच वेगाने फिरतो, त्यामुळे तो आकाशात रेंगाळत राहतो. एकदा उगवला की पुन्हा उगवायला ३३० तास, म्हणजे निथळचे ११ दिवस. एवढ्या काळात दोन भरत्या, दर साडेपाच दिवसांनी एक. पाणी चढायला पावणेतीन दिवस, उतरायला पावणेतीन. उंची मी अंदाजाने ८ मीटर धरलीय.

दोन गोष्टी विचारायच्या आहेत. हे गणितात बसतं का? आणि अशा भरतीचा बंदरातल्या माणसांना उपयोग काय? दुसरं जास्त महत्त्वाचं.

पाणकावळा
"भरती आली की येतो" म्हणून गेलेला माणूस आठवडाभर उगवणार नाही! वाचायला बसलोय, लिहा सगळे.

गणितवेडा
बसतं, पण ८ मीटर बसत नाहीत.

भरतीचा जोर चंद्राच्या वस्तुमानाबरोबर वाढतो आणि अंतराच्या घनाबरोबर घटतो. ग्रह पृथ्वीएवढा धरला तर ३३ तासांची फेरी केंद्रापासून साधारण ५२ हजार किलोमीटरवर येते. आपला चंद्र ३ लाख ८४ हजारांवर आहे. म्हणजे रेंगाळ सात पटींहून थोडा जास्तच जवळ, आणि घन केला की ४०० पट. आपलाच चंद्र उचलून तिथे ठेवलास तर किनारा विसर. रेंगाळचं वस्तुमान आपल्या चंद्राच्या शंभरावा भाग ठेव, मग जोर चौपट होतो. व्यास साधारण ७५० किलोमीटर, आणि एवढा छोटा असूनही आकाशात आपल्या चंद्राच्या दीडपटीहून मोठा दिसेल.

आपला चंद्र उघड्या समुद्रात पाणी जेमतेम अर्धा मीटर वरखाली करतो. चौपट म्हणजे २ मीटर.

ओलीवाळू
दोनच मीटर? पण किनाऱ्यावर ते वाढतं ना? कॅनडातल्या फंडीच्या आखातात १६ मीटरपर्यंत जातं.

गणितवेडा
फंडीत जातं कारण ते आखात झोपाळ्यासारखं आहे. त्यातलं पाणी एकदा आत-बाहेर हेलकावायला साधारण १३ तास घेतं, आणि बाहेरून येणारा धक्का १२ तास २५ मिनिटांनी बसतो. झोका मागे येतो तेव्हाच पुन्हा ढकललं की झोका वाढतो. तुझी भरती १६५ तासांनी ढकलणार. झोपाळ्यावर हात ठेवून तासाला बोटभर सरकवल्यासारखं आहे ते. झोका चढणारच नाही. आखात असो वा उघडा किनारा, विषुववृत्ताच्या आसपास सगळीकडे दोनेक मीटर.

रात्रपाळी
थांबा, सूर्य विसरलात का? सूर्याचीही भरती असते, आपल्या चंद्राच्या निम्म्याहून थोडी कमी. निथळवर ती दर १५ तासांनी येईल, पाव मीटरची. प्रशांत महासागरातल्या ताहिती बेटाच्या किनाऱ्यावर चंद्राची भरती जवळजवळ शून्य होते आणि सूर्याचीच उरते, त्यामुळे तिथे भरती रोज दुपारी आणि मध्यरात्रीच्या सुमारास येते. म्हणजे छोटी असली तरी ती कल्पना नाही, दिसणारी गोष्ट आहे.

आता गणितवेड्याचा झोपाळा घ्या. १५ तासांत हेलकावणारं आखात निथळवर कुठेतरी असणारच. तिथे सूर्याची पाव मीटर भरती फुगून कित्येक मीटर होईल आणि रेंगाळची मोठी भरती दोनच मीटर राहील. एका आखातातले लोक सूर्याची भरती मानणारे, बाकी सगळे चंद्राची. कथेला हे हवंय की नाही?

गणितवेडा
हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. बरोबर आहे, शंभर टक्के बरोबर.

दूरदर्शी
असा चंद्र खरोखर आहे. मंगळाचा डायमॉस. मंगळाचा दिवस २४.६ तासांचा, डायमॉसची फेरी ३०.३ तासांची. मंगळावर उभं राहिलं तर उगवलेला डायमॉस मावळायला अडीच दिवसांहून जास्त घेतो. मंगळावर समुद्र नाही म्हणून त्याची भरती कुणी पाहत नाही, एवढंच.

पण मला रेंगाळच्या कला मोजायचा मोह आवरला नाही. तो आकाशात सलग १६५ तास असतो आणि अमावास्येपासून अमावास्येपर्यंत त्याला साधारण ३३ तास लागतात. म्हणजे पूर्वेकडून पश्चिमेकडे जाईपर्यंत तो पाच वेळा वाढणार आणि पाच वेळा झिजणार. तो डोक्यावर असताना एकच रात्र डोळ्यांपुढे आणा. सूर्य मावळताना अर्धा, मध्यरात्री पूर्ण, पहाटे दुसऱ्या बाजूने अर्धा. आणि ग्रहाचा आस फारसा कललेला नसेल तर ऐन मध्यरात्री तो ग्रहाच्या सावलीत शिरणार, सव्वा तास ग्रहण. दर पौर्णिमेला.

म्हणजे रेंगाळ कसा दिसतो त्यावरून रात्र किती झाली ते कळेल आणि कुठे आहे त्यावरून पाणी किती आहे ते कळेल. आपल्याकडे चंद्राच्या आकारावरून तिथी समजते आणि तिथीवरून भरती. तिथे ही दोन कामं वेगळी झाली.

शब्दवेल्हाळ
दूरदर्शी, अप्रतिम. तिथीचा विषय काढलातच तर, तिथीला पाऊणने गुणून भरतीची वेळ काढायची ती जुनी रीत आठवली. चतुर्थीला तीन वाजता, अष्टमीला सहा वाजता. चंद्र रोज पाऊण तास ते पन्नास मिनिटं उशिरा येतो, त्याचं हे बोटांवरचं गणित. निथळवरच्या आजीची बोटावरची रीत काय असेल?

आणि उधाण-भांग हे शब्दच तिथे जन्मणार नाहीत. आपलं उधाण, म्हणजे मोठी भरती, पौर्णिमा-अमावास्येला; भांग, म्हणजे छोटी भरती, अष्टमीच्या आसपास, सात-सात दिवसांच्या अंतराने. तिथे चंद्र-सूर्य एका रेषेत दर साडेसोळा तासांनी येणार. एक भरती चढून उतरेपर्यंत दहा वेळा. त्यांच्या भाषेत त्याऐवजी काय असेल ते लेखिकेने ठरवावं.

गणितवेडा
आजीची रीत फारच सोपी असेल. पाणी इतकं सावकाश हलतं की ते चंद्राच्या मागे रेंगाळत नाही. चंद्र डोक्यावर, भरती पूर्ण. चंद्र क्षितिजावर, ओहोटी पूर्ण. आपल्याकडे समुद्रांची खोली आणि किनाऱ्यांचे आकार इतका घोळ घालतात की १८७२ मध्ये ब्रिटिश शास्त्रज्ञ लॉर्ड केल्व्हिनने चाकं-पुल्या जोडून भरतीचं भाकीत करणारं यंत्र बनवलं. निथळवर मान वर केली की झालं.

ओलीवाळू
पण दुसरी भरती? चंद्र पायाखाली, ग्रहाच्या पलीकडे असतानाही पाणी चढणार. ती चंद्र दिसत नसताना येईल!

शब्दवेल्हाळ
दिसती भरती आणि आंधळी भरती. घ्या, शब्द मिळाले.

ओलीवाळू
घेतले! खूप खूप आभार.

तिवराचं_मूळ
माणसांआधी बाकीच्या जिवांचं बघा. माझं शिक्षण वनस्पतिशास्त्राचं, कांदळवनात चिखलात बसून मुळं मोजण्यात काही वर्षं गेली. तिवराची बोटभर उंचीची मुळं चिखलातून वर येतात ती हवा घ्यायला. काही तास बुडाली तरी चालतं, पाणी उतरलं की पुन्हा श्वास. निथळच्या मधल्या पट्ट्यात ती ८२ तास पाण्याखाली आणि ८२ तास बाहेर असणार. आपलं तिवर तिथे तगेल असं मला वाटत नाही.

कालवं शिंपला घट्ट मिटून पाण्याबाहेर बराच काळ काढतात, थंडीत तर काही दिवस. कडक उन्हात तीन-साडेतीन दिवस म्हणजे अवघड. तेव्हा मधला खडक बराचसा उघडा, आणि जीव सगळे खाली, ओल्या चिखलात बिळं करून. तिथे उकरून काढायची मजा असेल. पण रात्रपाळींची १५ तासांची छोटी भरती सोडू नका. पाण्याची कड जिथे असेल तिथे ती दिवसातून दोनदा पाव मीटर पट्टा भिजवते. सगळी गर्दी त्या पट्ट्याबरोबर वर सरकेल, खाली सरकेल. खेकडे चालत, गोगलगाया घसरत, आणि त्यांच्यामागे पक्षी.

पाणकावळा
पक्ष्यांमागे मी.

अर्धी_होडी
बंदराच्या प्रश्नावर कुणीच आलं नाही, म्हणून मी येतो.

लहानपणापासून होड्यांची दुरुस्ती बघत आलो. होडी भरतीच्या पाण्यावर वाळूत आणायची, पाणी गेलं की ती कुशीवर कलते, मग तळ दिसतो. तळाला चिकटलेले शंख खरवडायचे, फळ्यांच्या फटीतला कुजलेला कापूस आकड्याने ओढून काढायचा, नवा पिळून पटाशीने ठासायचा, वरून राळ-तेल. हे सगळं पाणी परत यायच्या आत. हातात पाच-सहा तास, आणि त्यातला शेवटचा तास फार वाईट. तुम्ही वाकून फट भरताय आणि पाण्याची पहिली जीभ पायाच्या अंगठ्याला लागते. राळ अजून ओली. मग जेवढं झालं तेवढ्यावर होडी तरंगू द्यायची, उरलेली बाजू दुसऱ्या दिवशी.

निथळवर पाणी निम्म्याखाली गेलं की ८२ तास मोकळे. अख्खी होडी एका ओहोटीत होईल, राळ वाळेल, रंगाचा दुसरा हातही बसेल. तिथल्या होड्या आपल्याहून जास्त टिकतील. मोठी गलबतं कोरड्या गोदीशिवाय दुरुस्त होतील, नुसत्या वाळूवर. मला त्या बंदरात नोकरी द्या.

ओलीवाळू
दिली. पटाशी आणि ओली राळ कथेत येणार, तुमची हरकत नसेल तर.

अर्धी_होडी
हरकत कसली. फक्त एक लक्षात ठेवा, तिथे उलटी अडचण येईल. भरती चुकवली तर दुसरी साडेपाच दिवसांनी. रुतलेली होडी आठवडाभर रुतलेली.

साधीसरळ
मासे पकडायच्या दगडी भिंतींबद्दल लिहायचं होतं. अर्धगोल भिंत, भरतीत मासे वरून आत येतात, ओहोटीत अडकतात. जगात अनेक किनाऱ्यांवर आहेत. निथळवर पाणी तासाला जेमतेम अडीच सेंटिमीटर उतरणार. मासा एवढा वेडा नाही, तो निवांत निघून जाईल. दगडी भिंत फुकट.

रात्रपाळी
पुन्हा सूर्य! सूर्याची भरती पाव मीटरचीच, पण ती साडेसात तासांत उतरते, म्हणजे तासाला तीन सेंटिमीटरांहून जास्त. चंद्राच्या भरतीपेक्षा जलद. दोन्ही एकदम उतरत असतील तेव्हा वेग दुपटीहून जास्त. भिंती एकाखाली एक, पायऱ्यांसारख्या बांधायच्या, दर पाव मीटरला एक. पाणी पायरी-पायरीने उतरेल आणि रोज वेगळी भिंत कामाला येईल.

साधीसरळ
पायऱ्यांच्या भिंती! मागे घेते, फुकट नाहीत.

गणितवेडा
जाता जाता विजेचं सांगतो, कुणीतरी विचारणारच. भरतीच्या ऊर्जेचा हिशोब उंचीच्या वर्गाने चालतो. उघड्या समुद्राची उंची आपल्या चौपट म्हणून एका भरतीत १६ पट ऊर्जा, पण भरत्या साधारण तेरा पटींनी कमी. शेवटी दर दिवसाला जवळजवळ आपल्याइतकीच. फ्रान्समधलं रान्स नदीवरचं भरतीचं वीजकेंद्र १९६६ पासून चालतंय, २४० मेगावॉटचं, पण तिथे सरासरी ८ मीटरचा फरक आहे. २ मीटरवर तसलं काही बांधणं जिवावर येईल. पाणचक्की मात्र जमेल. आयर्लंडच्या उत्तरेकडच्या नेंड्रमच्या मठात भरतीवर चालणारी चक्की होती, तिच्या लाकडांवरून ती ६१९ मधली असल्याचं कळलं. तळं भरून घ्यायचं आणि ओहोटीत सोडायचं. निथळवर ती चक्की दोन-अडीच दिवस सलग फिरेल, मग तेवढेच दिवस बंद. फक्त तळं अवाढव्य लागेल.

वाटसरू_७
उंची दोनच मीटर म्हणून लेखिका खट्टू झाल्यासारख्या वाटल्या. किनारा सपाट करा ना. हजार मीटरला एक मीटर उतार असेल तर २ मीटर पाणी २ किलोमीटर मागे जातं. फ्रान्समध्ये न्वारमूतिये बेटाकडे जाणारा पासाज द्यू ग्वा नावाचा रस्ता समुद्रतळावरून जातो, चार किलोमीटरहून थोडा जास्त. भरतीत तो बुडतो. ओहोटीच्या आजूबाजूला दीड-दीड तास मिळतो. अडकलेल्यांसाठी खांबांवर चढायची सोय केलेली आहे. तुमच्या सपाट किनाऱ्यावर तोच रस्ता अडीच दिवस उघडा राहील. बाजार भरेल, जनावरं बेटावर चरायला जातील, भांडणांचे निवाडे होतील.

आणि बाहेरून आलेल्या माणसाचं काय? ज्युलियस सीझर इसवी सनपूर्व ५५ मध्ये ब्रिटनमध्ये उतरला तेव्हा पौर्णिमेच्या भरतीची त्याच्या लोकांना कल्पनाच नव्हती. त्यात वादळ आलं. किनाऱ्यावरच्या जहाजांत पाणी भरलं, नांगरलेली आपटून फुटली. निथळच्या डोंगराळ मुलखातून कुणी ओहोटीत खाली आला, तर दोन दिवस मोकळी जमीन बघून तो तिथे खोपटं बांधेल. पाणी येईल तेही इतकं हळू की त्याला वाटेल, नुसती ओल वाढतेय.

कडेलोट
सगळ्यांना सावकाश भरती गोड वाटतेय. मला नाही.

एकदा वादळात खाडीकाठच्या घरात रात्र काढलीय. वाऱ्याने पाणी आधीच फुगलेलं, त्यात भरती. पाणी उंबऱ्याला लागलं तेव्हा रात्रीचे अकरा. आम्ही धान्याच्या गोण्या खाटेवर, खाट विटांवर, असं करत बसलो होतो. एकच आधार होता: साडेबाराला पाणी फिरेल. भिंतीवर खडूने रेघ मारली होती, मी दर दहा मिनिटांनी कंदील धरून बघायचो. पावणेएकला रेघ पुन्हा दिसली. आयुष्यात इतका सुटल्यासारखं कधी वाटलं नाही.

निथळवर भरतीच्या शेवटच्या वीस सेंटिमीटरांत पाणी किती वेळ राहील? मी गणित केलं, जवळजवळ ३४ तास. त्या ३४ तासांत वादळ आलं तर पाणी फिरायची वाटच बघता येत नाही. रेघ मारून कुणी बसणार नाही.

ओलीवाळू
कडेलोट, हे वाचून लिहिणं थांबवून बसले. तुमची खडूची रेघ मी घेणार नाही, ती तुमची आहे. पण त्या रात्रीची भीती कथेत नव्हती आणि ती असायला हवी होती.

दूरदर्शी
यात एक जोडतो. आंधळ्या भरतीच्या रात्री चंद्र नसतोच. दिसत्या भरतीत निदान उजेड आहे. वादळ आंधळ्या भरतीत आलं तर पाणी कुठपर्यंत आलंय हे दिसणारही नाही. त्यांची घरं दिसत्या भरतीच्या खुणेवर नाही, आंधळ्या भरतीच्या भीतीवर बांधलेली असतील.

नवा_सभासद
चंद्र एकदम स्थिरच केला तर? ३० तासांची फेरी?

गणितवेडा
मग पाण्याचा फुगवटा एका जागी कायमचा उभा. भरती-ओहोटी उरणारच नाही, सूर्याची तेवढी राहील. कक्षा लांबट असेल तर चंद्र जवळ-दूर होताना फुगवटा थोडा श्वास घेतल्यासारखा वरखाली होईल. आणि फेरी ३० तासांहून कमी केलीत तर चंद्र पश्चिमेला उगवेल आणि हळूहळू ग्रहाकडे खेचला जाईल, मंगळाच्या फोबॉस या दुसऱ्या चंद्रासारखा. रेंगाळ ३३ तासांवर आहे म्हणून तो दूर जाणार. आपला चंद्र वर्षाला ३.८ सेंटिमीटर जातो, रेंगाळ त्याहून बराच जास्त जाईल. जसा दूर जाईल तसा आकाशातून लवकर फिरेल. खूप जुन्या काळात भरती आणखी सावकाश होती, असं तिथल्या पोथीत लिहिलेलं असू शकेल.

खारजमीन
उशिरा आलो, पण मूळ प्रश्नाकडे जातो, कारण सगळे समुद्राकडे तोंड करून उभे आहेत. पाठीमागे शेत आहे.

खाजणात, म्हणजे खाडीकाठच्या खाऱ्या दलदलीत, बांध घालून आतली जमीन पिकवतात. बांधाला उघाडी असते, लाकडी झडप. बाहेरचं पाणी चढलं की त्याच्याच दाबाने मिटते, उतरलं की आतल्या पाण्याच्या दाबाने उघडते आणि पावसाचं पाणी बाहेर जातं. कुणी हात लावायचा नाही. फक्त एक काटकी फटीत अडकली तरी रात्रभरात खारं पाणी आत शिरतं, म्हणून कुणीतरी चिखलात उतरून बोटांनी फट चाचपून येतो. ते काम मी केलंय. फळीची कड शेवाळाने बुळबुळीत असते, आणि काटकी अडकलेल्या जागी पाणी बोटांवर गार लागतं.

आपल्याकडे उघाडी दिवसातून दोनदा उघडते. निथळवर ती पावणेतीन दिवस मिटलेली राहील. तेवढ्यात मोठा पाऊस झाला की शेत आतून बुडेल, समुद्राच्या पाण्याने नाही, गोड्या पाण्याने. म्हणजे बांधाच्या आत पाऊस साठवायला मोठं तळं सोडावं लागेल, जमिनीचा चांगला तुकडा त्यात जाईल. नदीही तेवढे दिवस तुंबेल. खारं पाणी नदीच्या तळाने आत सरकून काठच्या विहिरी मचूळ करेल. मिठागरवाला मात्र खूश, त्याला एकदा पाणी घेतलं की पुढचे चार-पाच दिवस निवांत ऊन.

आता तुमच्या बंदरात शेतकरी आणि मिठागरवाले शेजारी राहत असतील, तर झडप आपोआप मिटणारी ठेवायची की माणसाने उघडायची?

पाणकावळा
धाग्याचा पुढचा भाग कोर्टात.

ओलीवाळू
खारजमीन, तुम्ही माझी कथाच हातात ठेवलीत. मी बंदर लिहीत होते, बांध लिहिलाच नव्हता.

८ मीटर सोडले. २ मीटर आणि सपाट किनारा. पहिलं प्रकरण आता होडीवरून नाही, उघाडीवरून सुरू होईल. आंधळ्या भरतीची तिसरी रात्र, वर पाऊस. आत शेतात पाणी चढतंय, बाहेर समुद्र. एक मुलगी छातीभर चिखलात उभी राहून बोटांनी फळीची कड चाचपतेय, कारण झडपेतून पाण्याचा आवाज येतोय आणि कुठली बाजू गळतेय ते कळत नाहीये. उघाडी शेतकऱ्यांच्या ताब्यात, पण तिची आई मिठागरात कामाला.

एक सांगा, अंधारात फटीतून येणारं पाणी खारं की गोडं, हे बोटाला कळतं का?

खारजमीन
बोटाला नाही. जिभेला लावून बघायचं. आम्ही तसंच करायचो.